‘कोण?’ या प्रश्नाचा हक्क : उर्मिला मातोंडकर यांचे भयपट आणि रहस्यपट

प्रस्तावना

मराठी आणि उर्दू या दोन्ही भाषांत भयकथेचा वाचकवर्ग मोठा आहे, पण तिच्या समीक्षेचे दालन जवळजवळ रिकामे आहे. नारायण धारप आणि रत्नाकर मतकरी यांची पुस्तके ग्रंथालयांतून पाने सुटेपर्यंत वाचली गेली, तरी अभ्यासक्रमात त्यांना क्वचितच जागा मिळाली. भयपटाची स्थिती याहून वाईट आहे. तो पाहणारे पुष्कळ, पाहिल्याचे सांगणारे थोडे आणि त्यावर विचार करणारे त्याहून थोडे, असे चित्र आहे. त्यामुळे या प्रकारातील अभिनयाचे मोलही बहुधा दुर्लक्षित राहते.

उर्मिला मातोंडकर हे याचे ठळक उदाहरण आहे. त्यांचे नाव घेताच ‘रंगीला’ (१९९५) आणि त्यातील नृत्ये आठवतात. परंतु १९९९ ते २००५ या काळात त्यांनी ‘कौन’ (१९९९), ‘जंगल’ (२०००), ‘प्यार तूने क्या किया’ (२००१), ‘दीवानगी’ (२००२), ‘भूत’ (२००३), ‘एक हसीना थी’ (२००४) आणि ‘नैना’ (२००५) असे सात भयपट व रहस्यपट केले. हिंदीतील आघाडीच्या अभिनेत्रीने या प्रकाराला सलग इतकी वर्षे द्यावीत, ही गोष्ट सामान्य नाही. याच टप्प्यावर ‘भूत’साठी त्यांना फिल्मफेअरचा समीक्षकांचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

गोव्यातील, विशेषतः पेडणे आणि डिचोली तालुक्यांतील शिक्षकांना हा विषय जवळचा वाटावा असे आणखी एक कारण आहे. मातोंडकर हे आडनाव वेंगुर्ले तालुक्यातील मातोंड या गावाची आठवण देते. तेरेखोल नदी ओलांडली की पेडण्याचा माणूस सिंधुदुर्गात पोहोचतो, आणि डिचोलीची हद्द दोडामार्गाला भिडते. दशावतार, जत्रा, गाऱ्हाणे, देवचार, राखणदार हे सारे या सीमेच्या दोन्ही बाजूंना सारखेच आहे. ज्या प्रदेशात भीतीला स्वतःचे विधी आहेत, स्वतःची भाषा आहे, तेथील प्रेक्षक हे चित्रपट मुंबईच्या प्रेक्षकापेक्षा वेगळ्या नजरेने पाहू शकतो. प्रस्तुत लेखात त्याच नजरेने या भूमिकांचा विचार केला आहे. घाबरलेल्या स्त्रीच्या बोलण्यावर कोण विश्वास ठेवतो, हा प्रश्न या सर्व चित्रपटांच्या मुळाशी आहे, आणि उर्मिला मातोंडकर यांच्या अभिनयाचे खरे कर्तृत्व त्या प्रश्नाला आवाज देण्यात आहे, असे येथे प्रतिपादन आहे.

भीतीचे सार्वजनिक रूप

डिचोली तालुक्यातील साळ गावचा गडे उत्सव प्रसिद्ध आहे. शिमग्याच्या दिवसांत, होळी पौर्णिमेच्या सुमारास, गावातील गडे रात्री एकत्र जमतात. ढोल वाजतो, भार येतो आणि गडे अंधारात डोंगराच्या दिशेने धावत सुटतात. देवचाराच्या मशाली दिसतात अशी लोकांची श्रद्धा आहे आणि ते पाहण्यासाठी दूरवरून माणसे येतात. पेडण्याची पुनवही अशीच सर्वज्ञात आहे. दसऱ्यापासून कोजागरीपर्यंतच्या त्या दिवसांत रवळनाथ आणि भूतनाथ यांची तरंगे नाचतात, आणि बाधा झाली असे मानल्या गेलेल्या माणसांना तेथे आणले जाते.

या विधींच्या सत्यासत्यतेची चर्चा येथे करावयाची नाही. त्यांची रचना मात्र लक्षात घ्यावी लागते. येथे भीती उघड्यावर येते. तिला ठरलेली तिथी आहे, जागा आहे, वाद्य आहे. सारा गाव साक्षीदार असतो. ज्याच्या अंगात आले आहे त्याला प्रश्न विचारले जातात आणि त्याचे उत्तर ऐकले जाते. गडे पुरुष असतात. दशावतारातही स्त्रीपार्टी पुरुषच करीत आले आहेत. म्हणजे भयाचा मान्यताप्राप्त अनुभव आणि त्याचे मान्यताप्राप्त सादरीकरण, दोन्ही मुख्यतः पुरुषांच्या वाट्याला आली आहेत.

घराच्या आतली भीती याहून निराळी असते. तेथे ती बहुधा सुनेच्या, मुलीच्या, एकट्या बाईच्या वाट्याला येते आणि तिला साक्षीदार नसतो. भाषेने हा फरक अचूक टिपला आहे. मराठीत देव ‘अंगात येतो’ आणि भूत ‘लागते’, ‘झपाटते’, ‘पछाडते’. पहिल्यात मान आहे, दुसऱ्यात लाज. उर्दूत ‘साया’ हा शब्द दोन्ही अर्थ वाहतो. वडिलांचा साया डोक्यावर असणे हे भाग्य, आणि एखाद्या मुलीवर साया असणे हे दुर्दैव. ‘आसेब’ या शब्दात भूतबाधा आहे, तसाच आघात आणि इजा हाही अर्थ आहे. ज्याला लोक बाधा म्हणतात त्याच्या मागे पुष्कळदा कोणीतरी केलेली इजा असते, हे त्या एका शब्दाने केव्हाच सांगून ठेवले आहे. ‘भूत’ हा चित्रपट पुढे नेमकी हीच गोष्ट सांगतो.

‘वह कौन थी’ ते ‘कौन’

हिंदी रहस्यपटातील रहस्यमय स्त्रीची परंपरा जुनी आहे. कमाल अमरोही यांच्या ‘महल’ (१९४९) मध्ये मधुबाला भूत म्हणून वावरते आणि अखेरीस ती माळ्याची मुलगी निघते. राज खोसला यांच्या ‘वह कौन थी’ (१९६४) मध्ये साधना पावसात रस्त्यावर उभी राहते आणि डॉक्टर असलेला नायक चक्रावून जातो. मराठीत त्याच वर्षी राजा परांजपे यांचा ‘पाठलाग’ (१९६४) आला. जयंत देवकुळे यांच्या ‘आशा परत येते’ या कादंबरीवरील हा चित्रपट. त्यावरून राज खोसला यांनी ‘मेरा साया’ (१९६६) केला. एक स्त्री न्यायालयात उभी राहून ‘मी तुमची पत्नी आहे’ असे सांगते आणि वकील असलेला पती ते नाकारतो, ही त्याची मुख्य घटना. ती खरे बोलत होती हे शेवटी सिद्ध होते, पण तोपर्यंत तिला स्वतःचे अस्तित्व पुराव्यानिशी मांडावे लागते.

या सर्व चित्रपटांत प्रश्न पुरुषाचा आहे. ‘वह कौन थी’ या शीर्षकातील ‘वह’ ही स्त्री आहे, ती तृतीय पुरुषात आहे, आणि तिच्याविषयी विचारणारा नायक आहे. भय त्याला वाटते, शोध तो घेतो, उत्तरही त्यालाच मिळते. स्त्री हे कोडे आहे. पुढे रामसे बंधूंच्या ‘पुराना मंदिर’ (१९८४), ‘वीराना’ (१९८८) यांसारख्या चित्रपटांनी हवेली, तळघर आणि विद्रूप मुखवटे आणले. तेथे स्त्री किंचाळण्यापुरती किंवा भुलविण्यापुरती उरली.

राम गोपाल वर्मा दिग्दर्शित ‘कौन’ने शीर्षकातून ‘वह’ आणि ‘थी’ काढून टाकले. उरला तो एकच शब्द, आणि तो आता घरात एकटी असलेली स्त्री दाराआडून उच्चारते. अनुराग कश्यप यांनी लिहिलेल्या या चित्रपटात पात्रे तीनच आहेत. गाणी नाहीत. बाहेर पाऊस, दूरदर्शन संचावर मोकाट सुटलेल्या खुन्याची बातमी आणि दारावर वाजणारी घंटा एवढ्याच साहित्यावर तो उभा आहे. बाहेर समीर पूर्णवाले (मनोज वाजपेयी) नावाचा बडबड्या माणूस उभा आहे. तो एका मल्होत्राच्या शोधात आल्याचे सांगतो. पुढे कुरेशी (सुशांत सिंह) नावाचा, स्वतःला पोलीस म्हणविणारा मनुष्य येतो.

येथे अभिनयाची कसोटी मोठी आहे. नायिकेला नाव नाही, पूर्वायुष्य नाही, संवादही थोडे. दाराची साखळी, खिडकीची काच आणि जिना एवढाच तिच्या हालचालीचा परीघ. उर्मिला मातोंडकर यांनी येथे भीतीच्या पायऱ्या केल्या आहेत. आधी शिष्टाचार टिकवून नाही म्हणणे, मग नवरा वर झोपला आहे असे खोटे सांगणे, मग त्या खोट्याला सांभाळण्याची धडपड, आणि शेवटी उघड थरकाप. ‘घरात माणूस आहे’ असे भासविण्याचे खोटे प्रत्येक एकट्या स्त्रीने कधी ना कधी बोललेले असते. त्यामुळे प्रेक्षक, विशेषतः स्त्री प्रेक्षक, तिच्या बाजूने पूर्णपणे उभा राहतो.

आणि तेथेच चित्रपट दगा देतो. खुनी ती स्वतःच निघते. रहस्यपट म्हणून हा शेवट परिणामकारक आहे, आणि तो माहीत असूनही चित्रपट पुन्हा पाहता येतो, कारण दुसऱ्या खेपेस तीच नजर, तोच थरकाप वेगळ्या अर्थाने वाचता येतो. हे यश बहुतांशी अभिनेत्रीचे आहे. पण त्या शेवटाचा सामाजिक अर्थ अस्वस्थ करणारा आहे. घाबरलेल्या स्त्रीवर विश्वास ठेवणे ही फसगत आहे, असेच जणू तो सांगतो. प्रश्न विचारण्याचा हक्क स्त्रीला देऊन तो तिच्याकडून लगेच काढून घेतला जातो.

‘भूत’ : लपविलेली माहिती आणि ऐकणारी माणसे

चार वर्षांनी त्याच दिग्दर्शकाने ‘भूत’मध्ये हा हिशेब बऱ्याच अंशी चुकता केला. ३० मे २००३ रोजी प्रदर्शित झालेल्या या चित्रपटात भूत हवेलीतून बाहेर पडून मुंबईच्या उंच इमारतीतील सदनिकेत आले. उद्वाहन, वाहनतळ, रखवालदार, दाराला लावलेली काच अशा रोजच्या वस्तू भयाच्या झाल्या. याही चित्रपटात गाणी नाहीत.

कथा सर्वांना ठाऊक आहे. विशाल (अजय देवगण) आणि स्वाती (उर्मिला मातोंडकर) बाराव्या मजल्यावरील घरात राहावयास येतात. त्या घरात पूर्वी राहणारी मनजीत आणि तिचा लहान मुलगा यांचा मृत्यू झालेला असतो. विशालला हे ठाऊक असते, पण घर हातचे जाऊ नये म्हणून तो ते पत्नीपासून लपवतो. समीक्षेत या तपशिलाकडे पुरेसे लक्ष गेलेले नाही. स्वातीच्या भीतीचा आरंभ भुताने होत नाही, नवऱ्याच्या मौनाने होतो. ज्या घरात तिला दिवसभर एकटीने राहायचे आहे त्या घराविषयीची सर्वांत महत्त्वाची गोष्ट तिलाच सांगितलेली नाही.

मग तिला दिसू लागते. ती सांगते, आणि तिचे सांगणे ‘भास’ या खात्यात जमा होते. नवरा समजूत काढतो. मानसोपचारतज्ज्ञ डॉ. राजन (व्हिक्टर बॅनर्जी) आपल्या शास्त्राच्या चौकटीत उत्तर शोधतात. पोलीस निरीक्षक लियाकत कुरेशी (नाना पाटेकर) संशयाने पाहतो. जिला प्रथम उमगते ती घरकाम करणारी बाई (सीमा बिस्वास), कारण तिने पूर्वीच्या मालकिणीला पाहिले होते, तिचा आवाज ऐकला होता. ज्ञान येथे पदवीतून येत नाही, त्या घरात राबल्याने येते. ती विशालला सरिता (रेखा) या जाणकार स्त्रीकडे नेते. सरिता हाणमार करीत नाही. ती प्रश्न विचारते आणि उत्तराची वाट पाहते.

मनजीतची कहाणी उघड होते तेव्हा भयपटाचे रूपांतर साक्षीत होते. घरमालकाच्या मुलाने तिच्यावर अत्याचाराचा प्रयत्न केला, त्यात ती गच्चीवरून पडली, आणि मुलाचा जीव रखवालदाराकरवी घेतला गेला. जगाने याला आत्महत्या म्हटले. मनजीतला बोलायला तोंड उरले नव्हते, म्हणून ती स्वातीच्या तोंडाने बोलते. उर्दूतील ‘आसेब’ या शब्दात असलेला इजेचा अर्थ येथे पडद्यावर उभा राहतो.

उर्मिला मातोंडकर यांचा अभिनय या ठिकाणी दोन स्त्रियांचा आहे. झपाटलेल्या स्त्रीची भूमिका करताना घोगरा आवाज, फिरलेले डोळे, विस्कटलेले केस यांवर भागविण्याची रीत आहे, आणि ही साधने येथेही आहेत. पण त्यांच्यामागे एक शिस्त दिसते. स्वाती आपल्या शरीरातून हळूहळू हद्दपार होते आहे हे त्या आधी थकव्यातून, रिकाम्या नजरेतून, चालण्यातील जडपणातून दाखवतात. किंचाळी पुष्कळ नंतर येते. त्यामुळे ती किंचाळी स्वातीची की मनजीतची, असा प्रश्न पडतो, आणि दोघींचीही असे उत्तर द्यावे लागते.

या पत्रिकेच्या वाचकांनी आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. ‘कौन’मध्येही कुरेशी आहे आणि ‘भूत’मध्येही. पहिला कुरेशी पोलीस असल्याचे सांगतो आणि त्याच्या सांगण्याचा भरवसा वाटत नाही. तेथे नाव हाच संशयाचा भाग होतो. दुसरा कुरेशी शांत, चिकाटीचा आणि आपले काम जाणणारा अधिकारी आहे. डोळ्यांसमोर जे घडते ते मान्य करण्याइतका तो प्रामाणिकही आहे. त्याच्या धर्माचा चित्रपट गाजावाजा करीत नाही. हिंदी चित्रपटांत मुस्लिम पोलीस अधिकाऱ्याला वारंवार निष्ठेची परीक्षा द्यावी लागते. लियाकत कुरेशीला तशी परीक्षा द्यावी लागत नाही. तो गुन्ह्याचा तपास करतो, इतकेच. हे साधेपण मोलाचे आहे.

तुरुंग आणि डोळे

श्रीराम राघवन यांच्या पहिल्या चित्रपटात, ‘एक हसीना थी’मध्ये, भूत नाही, पण रचना तीच आहे. सारिका वर्तक ही मुंबईत एका प्रवास कंपनीत काम करणारी मराठी मुलगी. करण सिंह राठोड (सैफ अली खान) तिला प्रेमात फसवून गुन्ह्यात अडकवतो. वकिलाच्या सल्ल्याने ती न केलेला गुन्हा कबूल करते. मनजीतला बोलू दिले गेले नव्हते. सारिकाला चुकीचे बोलायला लावले गेले. दोन्हींचा परिणाम एकच. तुरुंगातील उंदरांना भिणारी सारिका त्याच उंदरांना सूडाचे साधन करते. हा प्रवास उर्मिला मातोंडकर यांनी जवळजवळ निःशब्दपणे केला आहे. आरंभीचे सैल हसू, कोठडीतील गोठलेला चेहरा आणि शेवटी काहीही न दाखवणारा चेहरा या तीन अवस्था एकाच स्त्रीच्या आहेत हे पटते. ‘भूत’मध्ये मोलकरीण झालेल्या सीमा बिस्वास येथे पोलीस अधिकारी मालती वैद्य आहेत. दोन्ही चित्रपटांत ऐकून घेणारी स्त्री त्यांनीच साकारावी, हा योगायोग असला तरी बोलका आहे.

‘नैना’ हा हाँगकाँगच्या ‘द आय’ (२००२) या चित्रपटावर बेतलेला. अंध मुलीला नेत्ररोपणानंतर मेलेली माणसे दिसू लागतात, आणि शोध घेता घेता ती गुजरातेतील एका मुलीपर्यंत पोहोचते. त्या मुलीला पुढे होणारे मृत्यू आधी दिसत, आणि म्हणून गावाने तिला चेटकीण ठरविले होते. ‘पाहिले आणि सांगितले’ हाच तिचा गुन्हा. या कल्पनेत मोठी शक्यता होती, पण दिग्दर्शनाने धक्क्यांवर भर दिला आणि अभिनेत्रीला दचकण्यापलीकडे फारसे काम उरले नाही. शिवाय नेत्रदानाविषयी लोकांच्या मनात आधीच भीती असताना दान केलेल्या डोळ्यांतून भुते दाखविणे हे बेजबाबदारपणाचे होते. नेत्रतज्ज्ञांनी त्या वेळी घेतलेला आक्षेप रास्तच म्हणावा लागेल.

‘प्यार तूने क्या किया’मध्ये त्यांची रिया विवाहित छायाचित्रकाराच्या प्रेमात वेडी होते आणि शेवट वेड्यांच्या इस्पितळात होतो. भूमिका ताकदीने केलेली आहे. फिल्मफेअरने तिला खलभूमिकेच्या विभागात नामांकन दिले, यावरून स्त्रीच्या मनोविकाराला आपण कोणत्या खात्यात टाकतो हे कळते. जो रोग आहे त्याला दुष्टपणा म्हटले गेले. ‘जंगल’ आणि ‘दीवानगी’ या दोन्हींत त्या मुख्यतः पुरुषांच्या झटापटीचे निमित्त आहेत. त्यांविषयी अधिक लिहिण्यासारखे नाही.

‘पिंजर’चा शेजार

‘भूत’ आला त्याच २००३ साली अमृता प्रीतम यांच्या कादंबरीवरील ‘पिंजर’ही आला. तो भयपट नाही, पण ‘भूत’च्या शेजारी ठेवून पाहण्यासारखा आहे. फाळणीपूर्व पंजाबातील पूरोला रशीद (मनोज वाजपेयी) पळवून नेतो. ती सुटून घरी परतते तेव्हा आईवडीलच दार लावून घेतात. पुढे ती हमीदा होते आणि ते नाव तिच्या हातावर गोंदले जाते. एका शरीरात दोन नावे, आणि दोन्ही इतरांनी दिलेली. स्वातीच्या शरीरात मनजीत येते तेव्हा लोक त्याला बाधा म्हणतात. पूरोवर हमीदा हे नाव लादले जाते तेव्हा त्याला बाधा म्हणायला कोणी पुढे येत नाही. एकाच अभिनेत्रीने एका वर्षात या दोन भूमिका कराव्यात आणि दोहोंतही ‘तू कोण?’ हा प्रश्न तितक्याच तीव्रतेने उभा करावा, यातून तिच्या आकलनाची खोली दिसते. ‘पिंजर’ने रशीदला राक्षस केले नाही. त्याचा अपराध अपराधच ठेवून त्याला पश्चात्तापाची वाट दिली. आंतरधर्मीय संबंधांवर लिहिताना एवढा संयम आज दुर्मिळ झाला आहे.

उणिवा

या चित्रपटांच्या मर्यादाही सांगितल्या पाहिजेत. पहिली, ‘भूत’ विज्ञान आणि मांत्रिकविद्या यांच्या तुलनेत डॉक्टरला निरुत्तर करतो. कथेच्या अंतर्गत तर्कात हे बसते, पण जेथे मानसिक आजारासाठी आधी मांत्रिक, मग बाबा, मग दर्गा आणि अखेरीस दवाखाना असा क्रम अजूनही आढळतो तेथे या चित्रणाचा परिणाम निरुपद्रवी नसतो. महाराष्ट्रात २०१३ साली झालेल्या जादूटोणाविरोधी कायद्याने भूत उतरविण्याच्या नावाखाली होणारी मारहाण गुन्हा ठरविली आहे. त्याच वर्षी २० ऑगस्टला डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची हत्या झाली, हेही विसरता येत नाही.

दुसरी, न्याय. मनजीतला न्याय मिळतो तो तिने दुसऱ्या स्त्रीचे शरीर वापरल्यावर, आणि सारिकाला मिळतो तो तिने स्वतः गुन्हेगार झाल्यावर. साक्ष देऊन, सरळ मार्गाने न्याय मिळालेली स्त्री या सर्व चित्रपटांत एकही नाही. हा दोष अभिनेत्रीचा नव्हे, तिला भूमिका देणाऱ्या व्यवसायाच्या कल्पनाशक्तीचा आहे. २००५ नंतर भयपट पुष्कळ झाले, पण तिच्या वाट्याला या वळणाची मोठी भूमिका पुन्हा आली नाही.

वर्गातील उपयोग

पेडणे आणि डिचोलीच्या महाविद्यालयांत येणारे विद्यार्थी दोन प्रकारची भीती घेऊन येतात. एक साळच्या डोंगरावरची, गावाने वाटून घेतलेली. दुसरी घरातली, न बोललेली. मुस्लिम मोहल्ल्यातील मुलींच्या बाबतीत दुसरीला ‘साया’ हे नाव चटकन मिळते. जिन्नांचे अस्तित्व मानणे हा श्रद्धेचा भाग आहे. पण मुलीची प्रत्येक उदासी, प्रत्येक झटका, लग्नाला दिलेला प्रत्येक नकार जिन्नाच्या नावे लिहिणे हा श्रद्धेचा भाग नाही, ती आपली सोय आहे. कुरआनच्या सूरह नूरमध्ये स्त्रीवर आळ घेऊन चार साक्षीदार आणू न शकणाऱ्याला शिक्षा सांगितली आहे. स्त्रीविषयी बोलताना पुराव्याचे ओझे बोलणाऱ्यावर असते, हा त्यातील बोध साहित्याच्या वर्गातही उपयोगी आहे.

भाषेच्या शिक्षकाने या चित्रपटांपैकी एखादा निवडून विद्यार्थ्यांपुढे तीन साधे प्रश्न ठेवावेत. प्रथम कोण घाबरले? तिने ते कोणाला सांगितले? आणि तिच्या अनुभवाला नाव कोणी दिले? ‘भूत’च्या संदर्भात तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर नवरा ‘भास’, डॉक्टर ‘आजार’, पोलीस ‘संशयित’ आणि मोलकरीण ‘मनजीत’ असे चार तऱ्हांनी मिळते. चौघांपैकी एकाचेच उत्तर एका माणसाचे नाव आहे. बाकी तिन्ही शिक्के आहेत. ‘पाठलाग’ला हेच प्रश्न लावले तर मराठी चित्रपटाच्या इतिहासाचाही धडा होतो, आणि उर्दूच्या वर्गात ‘साया’, ‘आसेब’, ‘वहम’ या शब्दांच्या छटा शिकविता येतात.

हा अभ्यास केवळ वाङ्मयीन नाही. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१५ च्या विनियमांनुसार प्रत्येक महाविद्यालयात लैंगिक छळाच्या तक्रारीसाठी अंतर्गत समिती असणे बंधनकारक आहे. समिती कागदावर असते, फलकावर नावे असतात, पण तक्रार घेऊन येणाऱ्या मुलीला पहिला शब्द कोणता ऐकू येतो यावर सारे अवलंबून असते. ‘तुला भास झाला असेल’ हे विशालचे वाक्य शिक्षकांच्या खोलीतही उच्चारले जाऊ शकते.

निष्कर्ष

उर्मिला मातोंडकर यांच्या या सात वर्षांतील कामाकडे एकत्रित पाहिले असता असे दिसते की, हिंदी रहस्यपटात कोडे होऊन उभ्या असलेल्या स्त्रीला त्यांनी प्रश्न विचारणारी केले. ‘कौन’मध्ये तो प्रश्न फसवा ठरविला गेला, ‘भूत’मध्ये त्याला उत्तर मिळाले, ‘एक हसीना थी’मध्ये त्याची किंमत मोजावी लागली आणि ‘नैना’त तो धक्क्यांच्या गोंगाटात हरवला. यांपैकी ‘भूत’ आणि ‘एक हसीना थी’ या भूमिका हिंदीतील अव्वल अभिनयात गणल्या जाव्यात अशा आहेत. भयपट म्हणून त्यांना खालच्या पंक्तीत बसविणे अन्यायाचे आहे.

पेडण्याच्या पुनवेला आणि साळच्या गड्यांना सारा गाव जागून साक्ष राहतो. तेवढीच जाग घरातल्या आणि वर्गातल्या एकट्या मुलीसाठी ठेवणे शिक्षकाच्या हाती आहे. तिने काय पाहिले हे ठरविण्याआधी तिला ते पूर्ण सांगू द्यावे, एवढी गोष्ट जरी या चित्रपटांच्या अध्यापनातून साधली तरी भयपटाचा वर्गातील प्रवेश सार्थ ठरेल.